एकदाच ओढलेली बाही

सखाराम,

परवा बाजाराच्या दिवशी दुपारी गोदामाच्या दारात माणसं येऊन उभी राहिली. मी कोणाला बोलावलं नव्हतं. यंत्रावर गोणपाट टाकलेलं होतं, पडद्याचं कापड घडी करून फळीवर ठेवलं होतं आणि मी भाताच्या थप्पीला टेकून बसलो होतो. मी बसल्या जागेवरून ओरडलो, सिनेमा बंद, सखाराम गेला, आपापल्या घरी जा. कोणी हललं नाही. बिरवाडीची ती सुकी मासळी विकणारी, तुझ्या बोलण्यावर सगळ्यांच्या आधी हसणारी, डोक्यावरची पाटी न उतरवता म्हणाली, "सिनेमा नको आमाला. तो गेला ता ठाव हाय. पन त्या उंदराचा पुढं काय झाला, तेवढा सांगा नि आमी जातो."

"कुठल्या उंदराचं?"

"शेवटच्या खेळाचा. अर्धाच राह्यला ना."

मी म्हणालो, अर्धा कसा राहील? सखारामने कधी अर्धं सोडलंय? तेव्हा मागून कोणीतरी म्हणालं, "तुमीच होतात की त्यात, शेट." आणि लगेच सगळ्यांचे डोळे वळले. माझ्याकडे नाही, माझ्या अंगातल्या कोटाकडे बघत राहिले.

मी दार लावून घेतलं. आतून कडी घातली आणि त्या बंद गोदामात तुला मोठ्याने शिव्या दिल्या. तुला जाऊन अकरा दिवस झाले होते. अकराव्या दिवशी मेलेल्या माणसाला शिव्या देऊ नयेत एवढं मलाही कळतं. पण शेवटच्या खेळातही तू मलाच उंदरासमोरच्या त्या खुर्चीत बसवलंस, मरायला टेकलेला असतानाही माझी टर उडवायची तुझी हौस फिटली नाही, हे भर दुपारी लोकांच्या तोंडून ऐकायला लागलं. मी काय करायला हवं होतं? हात जोडायला?

बाजारात सगळे तुझ्याबद्दल गोड बोलतात. सखाराम असा होता, सखाराम तसा होता. मी बोलणार नाही. तुझं नि माझं एक भांडण अर्धं आहे आणि तू ते तसंच टाकून गेलास. तू नेहमी म्हणायचास, "महादू, तुझ्या बोलन्यात फट सापडत नाय. मी माझा शब्द घालू कुठं?" आता फटच फट आहे. घाल शब्द.

आपण दोघं महाडच्या बंदरावर भरतीच्या वेळा बघून गोणी वाहायचो, तेव्हापासूनचं सांगतो, म्हणजे मी काही लपवतोय असं तू म्हणणार नाहीस. पाठ दोघांचीही सारखीच सोलायची. फरक एवढाच की मला तोंड होतं आणि तुला डोळा. म्हणून मी दुसऱ्यांसाठी बैल घेऊन द्यायला लागलो तेव्हा तुला बरोबर घेतलं. मी मालकाशी बोलायचो, तू जनावर बघायचास. मालकासमोर तुला काही बोलता यायचं नाही, म्हणून आपण खूण ठरवली. तू माझ्या पाठीमागे उभा राहायचं आणि बाही ओढायची. एकदा ओढली तर सोड, चल. दोनदा ओढली तर घे. बस. एवढ्या खुणेवर मी वर आलो. पहिला बैल, पहिली गाडी, पुढे भाताचा व्यापार, हे गोदाम. तू एकदा ओढलीस की मी अर्ध्या वाक्यात पाठ फिरवायचो. मालकाला वाटायचं, हा माणूस फार कडक. कडक मी नव्हतो. माझी बाही तुझ्या हातात होती.

मग तू मुंबईला गेलास. एका सिनेमाच्या थिएटरात दारावर उभं राहायची नोकरी, हातात बॅटरी, उशिरा येणाऱ्यांना खुर्च्या दाखवायच्या. पोलादपूरच्या वरच्या तुझ्या वाडीत दरसाल शिमग्याला यायचास आणि मला चालत्या चित्रांच्या गोष्टी सांगायचास. नोकरी सुटली, छातीत खोकला घेऊन कायमचा परत आलास, तेव्हा माझ्या गोदामात पोत्यावर बसून तू ती एक गोष्ट काढलीस.

"माणसंच नायत त्यात. नुसती जनावरं. कोनीतरी हातानं काढलेली, पन चालतात, पडतात, मार खातात."

मी म्हणालो, "काढलेली जनावरं बघायला कोण येईल? बाजारात खरी फुकट दिसतात."

"खरी हसवत नायत."

"आणि तू ती पाहिलीस? सबंध?"

"पाह्यली म्हंजे काय! कित्येक वेळा. शेवट तर असा हाय महादू, की सांगून नाय समजायचा. बघायलाच पायजे."

हे तुझे शब्द आहेत. माझे नाहीत. ह्या शब्दांवर मी तुझ्याबरोबर आगबोटीत बसलो.

मुंबईतल्या त्या गल्लीतलं दुकान मला अजून दिसतं. छपरापर्यंत गंजके डबे, खाली बसलेला म्हातारा. हाताने फिरवायचं यंत्र आपण पसंत केलं, कार्बाइडचा दिवा पसंत केला. जनावरांची ती फिल्म जागोजाग तुटलेली होती म्हणून म्हाताऱ्याने ती तीन डब्यांत ठेवली होती, दोन मोठे आणि एक तळहाताएवढा. दोन डब्यांचा भाव जमत आला आणि तो म्हातारा म्हणतो, लहान डब्याचा भाव वेगळा. माझं डोकं फिरलं. मी म्हणालो, "बैल विकताना चार पायांचा भाव वेगळा लावतोस काय रे?" तो म्हणाला, लावतो. आणि त्याच वेळी तू मागून माझी बाही ओढलीस.

एकदा.

मी हात झटकून सोडवून घेतला, पाठ फिरवली आणि म्हणालो, ठेव तो डबा तुझ्या उशाला. म्हातारा खरंच ठेवून घेऊन बसला. हाक मारली नाही. यंत्र, दिवा आणि दोन डबे घेऊन आपण निघालो आणि बाणकोटपर्यंत मी खुशीत होतो. पुढे खाडीतून लाँच दासगावला लागेपर्यंत तू पाण्याकडे बघत बसलास. उतरताना म्हणालास, "तो डबा घ्यायला हवा व्हता."

"मग ओढलीस कशाला?"

"दुसऱ्यांदा वढायला हात ठेवलास कुठं?"

तिथून हे भांडण सुरू झालं. तुझं म्हणणं, मी दोनदा ओढणार होतो. माझं म्हणणं, मी कसं ओळखायचं? ओढायची तर दोन्ही वेळा पटापट ओढायची. एकदा ओढून मध्ये श्वास घ्यायला तो काय भजनाचा टाळ होता? तू म्हणायचास, बैलाच्या बाजारात तू कधी एवढ्या घाईनं हात झटकला नव्हतास. मी म्हणायचो, बैलाच्या बाजारात तू कधी एवढा सावकाश ओढत नव्हतास. वर्षानुवर्षं हेच. यंत्रात तेल घालताना, पडदा बांधताना, भाकरी खाताना.

पहिला खेळ तू विसरला नसशील. वरच्या वाड्यांतली माणसं बाजाराला सकाळी उतरतात आणि दिवस मावळायच्या आत त्यांना घाट चढायचा असतो, म्हणून खेळ भर दुपारीच करायचा, ही अक्कल तुझी. गोदामाच्या फटी तू शेणामातीने लिंपल्यास, कौलांखाली गोणपाटं शिवून लावलीस आणि दुपारी दोन वाजता आत अमावास्या केलीस. अंगातला कोट खिळ्याला टांगून मी यंत्राचा दांडा फिरवायला लागलो. तू पडद्याजवळ उभा.

पडद्यावर चष्मा लावलेलं घुबड आलं आणि पुढच्याच क्षणी एक म्हातारी उठून उभी राहिली. दिवसाढवळ्या घुबड दिसलं म्हणून. तिच्यामागे आणखी दोघी. मला वाटलं, पहिलाच खेळ बुडाला. तू शांतपणे म्हणालास, "बस गो आई. ता घुबड नाय, पुन्याचा डाक्टर हाय. जागून जागून डोळे तसे झालेत बिचाऱ्याचे." म्हातारी बसली. सगळं गोदाम हसलं.

त्या डॉक्टरने एक यंत्र केलेलं असतं. दोन खुर्च्या, मध्ये वेटोळ्यांची नळी आणि एक खटका. एका खुर्चीत कोंबडा, दुसरीत बैल. खटका ओढला की दोघांचे स्वभाव बदलतात. कोंबडा मान खाली घालून जमीन उकरत डुरकायला लागतो आणि बैल कुंपणावर चढून आरवतो, कुंपण मोडतं. मग कुत्रा आणि मांजर. कुत्रा पंजा चाटून तोंड धुतो, मांजर दारात बसून डॉक्टरवरच गुरगुरतं. डॉक्टर सगळं वहीत लिहितो आणि स्वतःवर खूश होतो. शेवटी तो एक उंदीर आणतो. इवलासा. त्याला खुर्चीत बसवतो, पट्ट्याने बांधतो. दुसरी खुर्ची रिकामी. डॉक्टर इकडे बघतो, तिकडे बघतो, मग सरळ आपल्याकडे बघतो, खटक्यावर पंजा ठेवतो.

आणि पांढरं.

मी दांडा सोडला आणि ओरडलो, संपलं. पोलादपूरकडचा एक जण म्हणाला, "संपला कसा? दुसऱ्या खुर्चीत कोन बसतो?" मी म्हणालो, कोणी नाही, खेळ एवढाच. "मंग त्या उंदराला बांधला कशाला?" उन्हं कलत होती, त्यांना घाट चढायचा होता, तरी एक माणूस उठेना. माल कमी भरल्यावर गिऱ्हाईक कसं बघतं तसे सगळे माझ्याकडे बघत होते. ते बघणं मी ओळखतो. आयुष्यभर दुसऱ्याकडे तसंच बघत आलोय.

तेव्हा तू कोपऱ्यातलं तराजूचं स्टूल उचललंस आणि उजेडात ठेवलंस. पडद्यावर त्याची सावली पडली, ती रिकामी खुर्ची झाली. दोन बोटांचे कान करून तू तिच्यासमोर उंदीर उभा केलास. बारीक आवाजात उंदीर म्हणाला, "कोन बसतंय माज्यासमोर? लवकर बसा, मलाबी घरी जायचाय."

त्या दिवशी तू लाँचच्या तिकिटाच्या खिडकीवरचा कारकून बसवलास. खटका ओढल्यावर उंदीर कानाला टाक लावून "उद्या या, उद्या या" करायला लागला आणि कारकून पोत्यांखाली दाणे शोधत पळाला. माणसं हसत हसत घाट चढायला गेली. पुढच्या बाजाराला दुप्पट आली. एकदा तू सासू बसवलीस, तर त्याच्या पुढच्या खेळाला बायका आपापल्या सासवांना घेऊन आल्या. सकाळी बाजारात हिंडून कोणाचं कशावरून वाजलंय ते तू ऐकून यायचास आणि दुपारी त्याला खुर्चीत बसवायचास.

मला ते पसंत नव्हतं, हे मी तोंडावर सांगत आलो. धंद्यात माल नमुन्याप्रमाणे द्यावा लागतो. ह्या बाजाराला एक शेवट, त्या बाजाराला दुसरा, ही कसली रीत? मी म्हणायचो, एक काय तो ठरव. तू म्हणायचास, "ठरलेला शेवट डब्यात व्हता. डबा तू सोडलास."

"मग तू तो पाहिलायस ना? तोच सांग लोकांना. मला तरी सांग."

"सांगेन कवातरी."

आणि हसायचास. ते हसणं माझ्या डोक्यात जायचं. मला खरंच ऐकायचं होतं, सखाराम. आठवड्यातून एकदा मी स्वतःच्या हाताने त्या उंदराला खुर्चीपर्यंत आणायचो आणि त्याचं काय झालं ते मला माहीत नव्हतं. इतरांना तुझे शेवट पुरायचे. मला खरा हवा होता.

दिवाळीनंतरच्या एका बाजाराला तू मला बसवलंस. न सांगता, न विचारता. उंदीर माझ्या आवाजात घुबडाशी घासाघीस करायला लागला, एवढ्या जुन्या खटक्याला एवढा भाव कसला म्हणून. आणि महादूशेट ची ची करत पोत्यांमागे लपले. माझे हमाल हसले. माझ्याकडे भात घालणारे शेतकरी हसले. ज्यांच्यापुढे मी कधी मान खाली घातली नाही ते डोळे पुसपुसून हसले. मी पुढचे तीन बाजार तुझ्याशी बोललो नाही. दांडा फिरवायचो, पण तोंड भिंतीकडे करून. तू एकदा म्हणालास, "अरे, गंमत केली." मी दांडा आणखी जोरात फिरवला. तू माझी माफी मागितली नाहीस आणि मी ती मागायला तुला जागा दिली नाही. हेही अर्धंच.

आता शेवटचा खेळ. शिमगा नुकताच झाला होता. तुझ्या अंगात ताप होता, खोकून खोकून तुझा आवाज चिरला होता. वहिनी तुला घरी न्यायला घोंगडी घेऊन वाडीहून उतरल्या होत्या. मीच म्हणालो, एवढा एक खेळ करून जा. माणसं आलीत. वहिनी घोंगडी घेऊन बायकांमध्ये जाऊन बसल्या. तुला मीच थांबवलं, हे मी नाकारत नाही.

उंदीर बांधला गेला, घुबडाने खटक्यावर पंजा ठेवला, पांढरं झालं. तू स्टूल आणलंस आणि तेवढ्यात दारात गडबड झाली. एक म्हातारा, दोन्ही बगलांत एकेक कोंबडी, आत शिरू बघत होता. मी बाहेर जाऊन त्याला अडवलं. म्हणालो, फिल्म संपली.

"मला फिलीम नकोच. मला सखारामाचा बोलना ऐकायचा हाय."

"कोंबड्या बाहेर ठेव."

"कोन सांभाळील? तुमी धरता?"

"आत भात आहे. टोचतील."

"माज्या हातात हायत त्या. नुसत्या बघतील."

मी हटलो नाही, तो हटला नाही. एकच कोंबडी आत नेतो, म्हणाला. मी म्हणालो, अर्धीही नाही. कोंबड्यांचे पाय बांधतो म्हणाला. मी म्हणालो, चोच कशी बांधशील? आतून हसण्याचा लोट आला, तेव्हा म्हातारा चडफडला, "बघा, चुकला माजा." मग आत एकदम सामसूम झाली. इतकी की कोंबडीच्या घशातली घरघर ऐकू आली. मला वाटलं, तुझं सांगून झालं. म्हातारा शिव्या देत गेला आणि मी जिंकून आत आलो.

तू जमिनीवर बसून खोकत होतास. माणसं उठून आपापल्या पाट्या उचलत होती. माझा कोट खिळ्यावर नव्हता. तो त्या स्टुलावर घातलेला होता आणि त्याची बाही खाली धुळीत लोळत होती. मी म्हणालो, "माझा कोट काय पायपुसणं आहे? उचल तो."

तू उचललास. झटकलास. भिंतीला धरून उठलास आणि खिळ्याला टांगलास. वहिनींनी तुझ्या अंगावर घोंगडी टाकली आणि तुम्ही पोलादपूरच्या मोटारीकडे गेलात. तीन दिवसांनी निरोप आला. मी वाडीत पोचलो तोवर सगळं उरकलं होतं. मी कोणाशी न बोलता परत आलो.

म्हणजे मी तुला बोललेलं शेवटचं वाक्य ते आहे. कोट उचल.

आज तुझं तेरावं. सकाळी मी तांदळाची गोणी मोटारीवर टाकून पोलादपूरला गेलो, पुढे ती पाठीवर घेऊन वाडीपर्यंत चढलो. हमाल केला नाही. खरं सांगायचं तर मी तेराव्यासाठी गेलोच नव्हतो. मला वहिनींना विचारायचं होतं. पानं उठेपर्यंत कसाबसा थांबलो आणि मग अंगणातच म्हणालो, "वहिनी, शेवटच्या खेळात त्याने मला बसवलं होतं म्हणे."

"बसवला व्हता."

"काय टर उडवली माझी? सगळा बाजार माझ्या तोंडाकडे बघतो. मरताना तरी माणसाने..."

"भावोजी," वहिनी म्हणाल्या, "तुमच्या बोलन्यात फट नाय असा ते म्हनायचे, ता काय खोटा नाय. ऐकून तर घ्या."

मी अंगणातच खाली बसलो. मग त्यांनी सांगितलं. तू माझा कोट खिळ्यावरून काढून स्टुलावर घातलास. पडद्यावर मी झालो. घुबडाने खटका ओढला. काही झालं नाही. उंदीर उंदीरच, मी मीच. घुबडाने पुन्हा ओढला, तिसऱ्यांदा ओढला, घामाघूम झाला. वहीत बघून म्हणाला, "ह्या मानसाचा काय बदलत नाय. भाव ठरल्याबिगर हा आपला स्वभाव देनार कसा?" तेव्हा माणसं हसली. तो हसण्याचा लोट मी दारातून ऐकला होता.

"मंग," वहिनी म्हणाल्या, "उंदीर खुर्चीतून सुटला नि तुमच्या पाठीमागं जाऊन उभा राह्यला. कोटाची बाही धरली त्यानं. एकदा वढली."

"एकदा."

"हां. नि थांबला. हे लोकांना म्हनाले, बघा रे, आज शेटनी हात झटकला नाय. शेट थांबलेत. लोक गपगार. मंग ह्यांनी हात परत पुढं केला, बाहीला लावला, नि खोकल्याची उबळ आली ती आली."

"मग?"

"मंग काय. खाली बसले. तेवढ्यात तुमी आत आलात."

मला तिथे बसवेना. उठून गोठ्यापर्यंत गेलो आणि परत आलो. म्हणालो, असू दे, पण त्या फिल्मचा खरा शेवट त्याला माहीत होता, कधीतरी सांगेन म्हणत राहिला आणि तोही घेऊन गेला. तेव्हा वहिनी पहिल्यांदाच थोड्या हसल्या.

"कुठला माहीत! तो खेळ सुरवातीचा असायचा. संपायला आला की घंटा व्हायची नि ह्यांना दाराभायेर जायला लागायचा, मोठ्या सिनेमाची गर्दी आत घ्यायला. इतकी वर्सं उंदीर बांधेपर्यंत बघितला नि भायेर पळाले. तुमाला म्हनाले व्हते सबंध बघितलाय, मंग कसे सांगनार? डब्बा मिळेल, गावात बसून रोज बघीन, असा म्हनत गेलेले मुंबईला."

सखाराम, तू गाढव होतास. हे मी तुझ्या अंगणात, तुझ्या बायकोसमोर मोठ्याने बोललो आणि इथेही लिहितो. दुकानात तोंडाने का नाही बोललास? तो काय बैल होता? तो म्हातारा काय गुरं विकणारा हेड्या होता, त्याच्यासमोर खूण करायला? "महादू, मला हा बघायचाय" एवढं म्हणाला असतास तर त्याने सांगितलेल्या भावात मी तो डबा घेतला असता. नाही, खोटं बोलतो. घासाघीस केली असती. पण घेतला असता. तुला बोलायला फट नव्हती म्हणतोस, तर माझ्या तोंडावर हात ठेवायचा होतास. बंदरावर एकाच गोणीखाली मान घातलेली माणसं आपण. तुला हवं ते मी सोडून चाललोय हे मला कळायला नको होतं?

आणि एवढी वर्षं मी तुला डिवचत राहिलो, खरा शेवट सांग म्हणून. तू हसत राहिलास. ते हसणं माझ्या डोक्यात जायचं. आता निराळ्या तऱ्हेने जातं.

मुंबईच्या त्या दुकानाला मी आजच पत्र टाकलं आहे. भाव विचारलेला नाही. डबा असेल तर पाठवून द्या, एवढंच लिहिलं आहे. असेल असं वाटत नाही. असला तरी त्यात काय आहे ते तू बघणार नाहीस, तेव्हा त्याचं मला काय करायचं आहे ते मला ठाऊक नाही.

चूक कोणाची, हे अजून ठरलेलं नाही. मी माझं म्हणणं सोडलेलं नाही. तुझा हात सावकाश होता. माझा घाईचा होता, हे मी आज पहिल्यांदा मान्य करतो. ह्याच्यापुढे मी येणार नाही. बाकीचं अंतर तू चालून ये.

येत्या बाजाराला गोदाम उघडणार आहे. फटी पुन्हा लिंपायला घेतल्या आहेत. कोंबड्यावाला म्हातारा आला तर त्याला आत सोडायला हमालाला सांगून ठेवलं आहे, दोन्ही कोंबड्यांसकट. दांडा मी फिरवीन. पांढरं झालं की तराजूचं स्टूल मीच उजेडात ठेवीन आणि त्याच्यावर माझा कोट घालीन. मला उंदीर करता येत नाही. बोटं जाड आहेत. आवाजही येत नाही. मासळीवाली विचारेल, पुढं काय झाला? मी म्हणेन, थांबा.

तिने घटकाभर थांबावं. सगळ्यांनी थांबावं. घाट चढायला उशीर झाला तरी चालेल. एकदा ओढून झालेली आहे, आणि मी हात झटकलेला नाही.